उन्हात गाडी सुरू होत नाही : फ्युएल पंपाच्या रिलेविषयी वाचकांचे प्रश्न

उन्हाळ्यात या सदराकडे येणाऱ्या पत्रांचा सूर बहुधा सारखा असतो. सकाळी बिनतक्रार सुरू होणारी गाडी भर दुपारी बाजारातून निघताना सुरू होत नाही आणि ऊन उतरले की काही झालेच नव्हते अशी चालू लागते. या वेळी आलेल्या पत्रांपैकी फ्युएल पंपाच्या रिलेशी, म्हणजे पंपाची वीज जोडणाऱ्या-तोडणाऱ्या विजेच्या स्विचशी, संबंधित पत्रे एकत्र घेतली आहेत. पेट्रोलच्या टाकीत विजेवर चालणारा पंप असलेल्या इंजेक्शनच्या गाड्या गृहीत धरून उत्तरे दिली आहेत. डिझेल गाडीविषयी एक पत्र आहे, त्याचे उत्तर स्वतंत्र दिले आहे.

प्रश्न : माझ्याकडे छोटी पेट्रोल मोटार आहे. आठवडी बाजाराच्या दिवशी ती तीन-चार तास उन्हात उभी राहते. निघायच्या वेळी सेल्फ जोरात फिरतो, पण इंजिन पकडत नाही. चार माणसांनी धक्का मारूनही उपयोग होत नाही. ऊन उतरल्यावर मात्र ती पहिल्याच सेल्फला सुरू होते. बॅटरी, प्लग आणि पेट्रोल फिल्टर बदलून झाले. आता एकाने फ्युएल पंपाचा रिले खराब असावा असे सांगितले. हे घरच्या घरी कसे ओळखावे?
— एक वाचक, ता. दारव्हा, जि. यवतमाळ

उत्तर : सेल्फ जोरात फिरत होता, म्हणजे बॅटरीवर संशय घेण्याचे कारण नव्हते आणि तो खर्च वाचला असता. धक्का मारूनही गाडी सुरू झाली नाही, ही तुमच्या पत्रातील दुसरी महत्त्वाची खूण आहे. जुन्या कार्ब्युरेटरच्या गाडीत धक्क्याने काम भागत असे. इंजेक्शनच्या गाडीत टाकीतला पंप चालला नाही तर इंजिनापर्यंत पेट्रोल पोहोचतच नाही आणि गाडी कितीही ढकलली तरी ती सुरू होण्याचा प्रश्न येत नाही. त्यामुळे पंप किंवा पंपाला वीज देणारी साखळी यांच्याकडे बोट दाखवणारा माणूस योग्य दिशेने विचार करत आहे. मात्र रिले हा त्या साखळीतला एक दुवा आहे, आणि तो खरोखर दोषी आहे की नाही हे पाहिल्याशिवाय नवा विकत घेऊ नये.

रिलेचे काम समजून घेतले की तपासणी सोपी होते. पंपाला चालताना साधारण ३ ते ६ अँपिअर विद्युतप्रवाह लागतो. एवढा प्रवाह गाडीचा इंजिन कंट्रोल युनिट, म्हणजे इंजिनावर ताबा ठेवणारा संगणक, ज्याला आपण ईसीएम किंवा ईसीयू म्हणतो, स्वतः हाताळत नाही. तो रिलेतल्या बारीक तारेच्या कॉइलला सुमारे ०.१५ अँपिअर एवढाच प्रवाह देतो, कॉइल चुंबक बनते, ते लोखंडी पट्टी ओढते आणि पट्टीवरचे कॉन्टॅक्ट जुळून पंपाला वीज मिळते. चार पिनांच्या रिलेवर ८५ आणि ८६ या कॉइलच्या पिना असतात, ३० या पिनेवर फ्यूजमार्गे वीज येते आणि ८७ वरून ती पंपाकडे जाते. जपानी धाटणीच्या अनेक रिलेंवर १, २, ३, ५ असे आकडे असतात. त्यांत बहुधा १ आणि २ कॉइलचे, तर ३ आणि ५ कॉन्टॅक्टचे असतात. रिलेच्या टोपीवर छोटी आकृती छापलेली असते, ती पाहून खात्री करावी.

आता उन्हाचा संबंध पाहू. वैशाखात आपल्याकडे पारा ४५ अंशांच्या आसपास असतो, चंद्रपूर-ब्रह्मपुरीकडे त्याहूनही वर जातो. गाडी उन्हात उभी असताना बोनेटखालचे तापमान बाहेरच्यापेक्षा बरेच जास्त होते आणि नुकतेच बंद केलेले इंजिन त्यात भर घालते, कारण पंखा आणि वारा दोन्ही थांबलेले असतात. तांब्याच्या तारेचा विद्युतरोध दर अंशाला सुमारे ०.४ टक्क्यांनी वाढतो. २० अंशांना ८० ओहम असलेली कॉइल ८० अंशांना सुमारे ९९ ओहम होते, म्हणजे तिच्यातून वाहणारा प्रवाह आणि त्याबरोबर चुंबकाची ओढ घटते. चांगला रिले एवढी घट सहन करेल अशाच हिशेबाने बनवलेला असतो. परंतु कॉन्टॅक्ट जळके झालेले असतील, कॉइलच्या अर्थिंगला गंज असेल किंवा पिनेभोवतीच्या डाखाला केसाएवढी चीर गेली असेल, तर थंडीत कसेबसे निभणारे काम उन्हात निभत नाही. चिरलेला डाख तापला की प्रसरण पावून सुटतो आणि थंड झाला की पुन्हा टेकतो. ‘संध्याकाळी आपोआप बरी झाली’ याचे स्पष्टीकरण पुष्कळदा एवढेच असते.

यामुळेच तपासणी बिघाड हजर असताना करावी लागते, आणि माझ्या मते अशा दुरुस्तीतली अर्धी फसगत येथेच होते. गाडी टेम्पोने ओढून तालुक्याच्या मिस्त्रीकडे नेईपर्यंत ती थंड होते, तेथे सुरू होते, आणि मग मिस्त्री बिचारा अंदाजाने एकेक भाग बदलत बसतो. त्यात त्याचा दोष फार थोडा असतो, कारण दोषच त्याच्यासमोर आलेला नसतो.

म्हणून पुढच्या वेळी गाडी अडली की तेथेच, सावलीत नेण्यापूर्वी, असे करा. एकाने चावी फक्त ऑनपर्यंत फिरवावी, सेल्फ मारू नये. दुसऱ्याने पेट्रोल भरण्याच्या झाकणाजवळ किंवा मागच्या सीटवर कान लावावा. चावी ऑन होताच ईसीयू पंपाला दोन-तीन सेकंद चालवून पाइपात दाब तयार करतो, त्याची बारीक घरघर स्पष्ट ऐकू येते. बाजाराच्या गोंगाटात ती हुकू शकते, म्हणून चावी बंद करून थोड्या वेळाने पुन्हा ऑन करावी आणि दोन-तीनदा ऐकावे. सकाळी गाडी ठीक असताना एकदा हा आवाज ऐकून ठेवावा, म्हणजे दुपारी तुलना करता येते.

घरघर नेहमीसारखी ऐकू आली आणि तरीही इंजिन पकडत नसेल, तर रिले त्या क्षणी आपले काम करत आहे. मग उन्हात बंद पडणाऱ्या दुसऱ्या भागांकडे पाहावे लागेल, आणि त्यांत पहिला क्रमांक क्रँकशाफ्ट सेन्सरचा. इंजिन फिरत असल्याचा संकेत या सेन्सरकडून आल्याशिवाय ईसीयू पंप पुढे चालू ठेवत नाही आणि प्लगला ठिणगीही देत नाही. सेल्फ मारताना आरपीएमचा काटा मुळीच हलत नसेल, तर अनेक गाड्यांत ही या सेन्सरची खूण असते. रिले बदलून बदलून थकलेल्या काही गाड्यांचे दुखणे शेवटी येथे निघते.

घरघर अजिबात नसेल, तर बोनेट उघडून फ्यूजबॉक्सच्या झाकणाच्या आतल्या बाजूची आकृती पाहावी आणि पंपाचा रिले शोधावा. काही गाड्यांत तो डॅशबोर्डखाली असतो. आधी पंपाचा फ्यूज पाहावा, तो जळालेला नसेल तरच पुढे जावे. रिलेवर बोट ठेवून चावी ऑन केली की टिक असा झटका बोटाला जाणवतो. तो जाणवला नाही, तर कॉइलपर्यंत वीज किंवा अर्थ पोहोचत नाही किंवा कॉइलच तुटली आहे. झटका जाणवला आणि पंप चालला नाही, तर लोक म्हणतात की ‘रिले टिक करतोय, म्हणजे चांगला आहे’. ही समजूत चुकीची आहे. टिक हा आवाज पट्टी ओढली गेल्याचा आहे. कॉन्टॅक्ट काळे पडून खड्डे झालेले असतील तर पट्टी ओढली जाऊनही पलीकडे पुरेशी वीज जात नाही.

यानंतरची परीक्षा सर्वांत उपयोगी आहे. बहुतेक गाड्यांत हॉर्नचा किंवा एसीचा रिले त्याच आकाराचा असतो. दोन्हींवरचा क्रमांक, पिनांची संख्या व मांडणी, अँपिअर आणि आकृती तंतोतंत जुळत असतील तरच, चावी बंद करून, दोघांची अदलाबदल करावी. पंप लगेच चालू झाला तर संशय रिलेवर घट्ट होतो, पण येथेच थांबू नये. रिले उपटून पुन्हा बसवताना पिना घासल्या जातात आणि तेवढ्यानेही बिघाड काही दिवस दडून राहतो. म्हणून संशयित रिले हॉर्नच्या जागी तसाच राहू द्यावा आणि पुढच्या बाजाराच्या दिवशी, गाडी तशीच उन्हात तापल्यावर, हॉर्न वाजवून पाहावा. पंप चालला आणि हॉर्न गप्प राहिला, तर दोष रिलेबरोबर जागा बदलून गेला आहे, याहून अधिक पुराव्याची गरज नाही. उलट हॉर्न वाजला आणि पंप पुन्हा अडला, तर रिले निर्दोष असून बिघाड सॉकेट, वायर किंवा पंपात आहे.

मल्टिमीटर असेल तर कॉइलच्या दोन पिनांमध्ये साधारण ७० ते १२० ओहम दाखवला पाहिजे. आकडा आलाच नाही तर कॉइल तुटलेली आहे. कॉन्टॅक्टची परीक्षा मात्र ओहमवर करू नये, कारण मल्टिमीटरचा अतिसूक्ष्म प्रवाह जळक्या कॉन्टॅक्टमधूनही निघून जातो आणि सारे ठीक दिसते. त्यासाठी हेडलाइटचा ५५ वॉटचा जुना बल्ब घ्यावा, तो सुमारे साडेचार अँपिअर ओढतो, म्हणजे जवळपास पंपाएवढाच. रिले गाडीबाहेर काढून बॅटरीवरून कॉइलला वीज द्यावी, आणि ३० व ८७ मधून, मध्ये १० अँपिअरचा फ्यूज टाकून, बल्ब पेटवावा. बल्ब जळत असताना ३० आणि ८७ यांच्यामध्ये व्होल्टेज मोजले तर ०.२ व्होल्टच्या आत असावे. अर्धा-एक व्होल्ट दिसला तर तो रिले टाकून द्यावा. हीच परीक्षा रिले तासभर उन्हात तापवून पुन्हा करावी. पंपाच्या रिलेबाबत थंडपणी घेतलेल्या आकड्यांवर मी विश्वास ठेवत नाही.

खराब ठरलेला रिले फेकण्यापूर्वी बारीक स्क्रू-ड्रायव्हरने त्याची टोपी काढून पाहा. कॉन्टॅक्टच्या दोन चकत्यांपैकी एकीवर काळा खड्डा आणि दुसरीवर त्याच मापाचा उंचवटा दिसेल, चकत्या धरणाऱ्या तांब्याच्या पट्टीवर निळसर झाक असेल आणि टोपीच्या आतल्या बाजूला तपकिरी धूर बसलेला असेल. पॉलिश कागदाने घासून तो पुन्हा बसवण्याचा मोह टाळावा. चकत्यांवरचा चांदीयुक्त थर एकदा गेला की घासलेला कॉन्टॅक्ट थोड्याच दिवसांत पुन्हा जळतो, आणि नवा रिले काही शे रुपयांत मिळतो.

प्रश्न : गेल्या वर्षी लग्नाला जाताना आमची गाडी रस्त्यात बंद पडली. मिस्त्रींनी रिले काढून त्या जागी वायर टाकली आणि पंप डायरेक्ट करून दिला. तेव्हापासून गाडी व्यवस्थित चालते. अशीच ठेवली तर काही बिघडेल का?
— एक वाचक, ता. चिमूर, जि. चंद्रपूर

उत्तर : ती वायर आजच्या आज काढा. हे मी काळजीपोटी लिहीत आहे.

अडलेल्या कुटुंबाला रात्री रस्त्यावर न ठेवता घरी पोहोचवण्यासाठी मिस्त्रींनी तसे केले, यात त्यांची चूक नाही. पंप ठीक आहे की नाही हे पाहण्यासाठीही ३० आणि ८७ या जागा थोड्या वेळापुरत्या, फ्यूज असलेल्या वायरने, जोडतात आणि ती मान्य पद्धत आहे. चूक झाली ती नंतर, कारण गाडी चालू लागल्यावर वायरचा विषय मागे पडला. पंपावर ईसीयूचा ताबा ठेवण्यामागे मुख्य कारण सुरक्षिततेचे आहे. इंजिन फिरणे थांबले की क्रँकशाफ्ट सेन्सरचा संकेत थांबतो आणि ईसीयू एक-दोन सेकंदांत पंप बंद करतो. गाडी उलटली, पेट्रोलचा पाइप फुटला आणि इंजिन बंद पडले, तर पेट्रोलही थांबते. तुमच्या गाडीत तसे होणार नाही. आतल्या माणसांना बाहेर काढण्याची धडपड चालू असताना पंप सुमारे तीन बार दाबाने फुटक्या पाइपातून पेट्रोल तापलेल्या इंजिनावर फवारत राहील.

रोजच्या वापरातही नुकसान आहेच. वायर कायम वीज असलेल्या जागेवरून घेतली असेल, तर चावी काढल्यावरही पंप चालत राहतो. पाच अँपिअर ओढणारा पंप छोट्या गाडीची ३५ अँपिअर-तासाची बॅटरी सात तासांच्या आतच संपवतो. तुमची बॅटरी उतरत नाही, यावरून वीज बहुधा चावीमागून घेतलेली दिसते. तरीही अपघाताच्या वेळी चावी ऑनच असते, हे विसरू नये. वायर थेट बॅटरीच्या टर्मिनलवरून आणली असेल तर मध्ये फ्यूजही नसेल. तिचे आवरण घासून बॉडीला टेकले की ती तापून पेटू शकते.

आणखी एक गोष्ट सांगतो. वायर टाकल्याने गाडी चालली, एवढ्यावरून रिलेच खराब होता असे सिद्ध होत नाही. रिलेच्या कॉइलला वीज न मिळणे, कॉइलच्या अर्थिंगचा दोष किंवा ईसीयूकडून येणारी वायर तुटणे, या प्रत्येक प्रसंगी डायरेक्ट वायरने गाडी अशीच चालते. योग्य क्रमांकाचा नवा रिले बसवा. त्याने पंप चालला तर काम झाले. नाही चालला तर ऑटो इलेक्ट्रिशियनकडून कॉइलची बाजू तपासून घ्या, कशी ते पुढे एका उत्तरात दिले आहे. तोवर ती गाडी लांबच्या प्रवासाला नेऊ नका.

प्रश्न : आमच्या गाडीला गॅसकिट बसवलेले आहे. फ्युएल पंपाचा रिले वर्षभरात दोनदा बदलला, आता तिसराही त्रास देत आहे. रिलेखालचे प्लॅस्टिक थोडे वितळल्यासारखे दिसते. दुकानदार म्हणतो की माल डुप्लिकेट निघाला. दुसऱ्या कंपनीचा घ्यावा का?
— एक वाचक, ता. मोर्शी, जि. अमरावती

उत्तर : बाजारात नकली माल आहे हे खरे, पण लागोपाठ तीन रिले जळत असतील तर त्यांना कोणीतरी जाळत आहे असे समजावे. येथे दोन आरोपी संभवतात आणि बरेचदा दोघे मिळून काम करतात.

पहिला सॉकेट. वितळलेले प्लॅस्टिक ८७ किंवा ३० च्या पिनेभोवती आहे का ते पाहा. पिनेला पकडणारी सॉकेटमधली पितळी पत्ती एकदा तापली की तिचा ताण जातो आणि ती सैल होते. सैल जागी प्रवाह अडतो, अडला की उष्णता होते, आणि त्या उष्णतेने पत्ती आणखी सैल होते. अशा सॉकेटमध्ये कितीही महागडा रिले बसवला तरी तो जळणारच. जळालेली पत्ती आणि तिच्या मागची काळी पडलेली वायर कापून टाकावी, तेथे नवी पत्ती क्रिंप करून १.५ ते २.५ चौरस मिलिमीटर जाडीची वायर घालावी. वायरी पिळून वर चिकटपट्टी गुंडाळण्याची पद्धत येथे चालणार नाही, कारण तो पीळही पुढे तसाच तापतो.

दुसरा आरोपी म्हणजे खुद्द पंप, आणि तुमच्या गाडीला गॅसकिट आहे म्हणून त्याच्यावर माझा संशय अधिक आहे. टाकीतल्या पंपाला थंड ठेवण्याचे काम पेट्रोलच करते. गाडी गॅसवर चालते म्हणून पुष्कळ लोक टाकीत जेमतेम एक-दोन लिटर पेट्रोल ठेवतात. सुरुवातीला गाडी पेट्रोलवरच सुरू होते, आणि किटची जोडणी बारकाईने केलेली नसेल तर गॅसवर चालतानाही पंप मागे फिरतच राहतो. असा पंप कोरडा फिरून तापतो, त्याचे ब्रश आणि बेअरिंग झिजतात आणि तो जास्त प्रवाह ओढू लागतो. टाकीतला किंवा बाहेरचा फिल्टर चोंदला असेल तरी पंपावरचा भार वाढतो. गावापासून पेट्रोल पंप लांब असल्याने डब्यातून किंवा बाटलीतून पेट्रोल आणून भरण्याची सवय असेल, तर त्यातली धूळ आणि पाणी याच फिल्टरवर जाऊन बसते.

पंप किती प्रवाह ओढतो हे मोजणे अवघड नाही. रिले काढून मल्टिमीटर १० अँपिअरच्या जागेवर लावावा आणि त्याच्या दोन टोकांनी सॉकेटमधल्या ३० आणि ८७ या जागा जोडाव्यात. मल्टिमीटरमधूनच वीज जाऊन पंप चालतो आणि आकडा दिसतो. काही गाड्यांत त्यासाठी चावी ऑन करावी लागते. मोजमाप काही सेकंदांतच आटोपावे, कारण मल्टिमीटरची ती जागा फार वेळ एवढा प्रवाह सोसत नाही. छोट्या गाडीत ३ ते ६ अँपिअरच्या दरम्यान स्थिर आकडा आला तर पंप ठीक आहे. ८ किंवा त्याहून वर गेला, किंवा आकडा सतत वरखाली नाचू लागला, तर आधी फिल्टर बदलून पुन्हा मोजावे आणि तरीही फरक पडला नाही तर पंप बदलावा. पंप काही हजारांत जातो म्हणून लोक टाळाटाळ करतात, पण मग रिले आणि सॉकेट जळत राहतात. पंप बदलताना टाकी उघडावी लागते. तेथे पेट्रोलची वाफ असते, म्हणून ते काम घरी करू नये, बॅटरीची निगेटिव्ह तार काढल्याशिवाय कोणालाही करू देऊ नये आणि गॅसची टाकी जवळच असल्याने तिचा व्हॉल्व्ह आधी बंद करावा.

यापुढे टाकी निदान पाव भरलेली ठेवा.

प्रश्न : माझी जुनी डिझेल जीप कधीकधी सुरू होत नाही. तिचा फ्युएल पंपाचा रिले कुठे असतो?
— एक वाचक, ता. मेहकर, जि. बुलढाणा

उत्तर : जुन्या पद्धतीच्या डिझेल इंजिनात टाकीत विजेचा पंप नसतो, इंजिनावर चालणारा पंपच डिझेल ओढतो. त्यामुळे तुम्ही शोधता तो रिले त्या जीपमध्ये बहुधा नसेलच. चावीने बंद होणाऱ्या जीपमध्ये डिझेल पंपावर एक सोलेनॉइड, म्हणजे डिझेल चालू-बंद करणारी विजेच्या चुंबकाची कळ, असतो. चावी ऑन-ऑफ केल्यावर त्याचा टक्क आवाज येतो का ते पाहा आणि त्याच्या वायरचे टोक घासून घट्ट करा. आवाज येत असेल तर डिझेलच्या लाइनमध्ये हवा शिरते का आणि फिल्टरमध्ये पाणी साचले आहे का, हे तपासून घ्या. थंडीतच त्रास होत असेल तर हीटर प्लग पाहावेत.

प्रश्न : सोयाबीन काढणीच्या धामधुमीत गाडी पंधरवडाभर गोठ्याशेजारच्या शेडमध्ये उभी होती. आता चावी ऑन केल्यावर पंपाचा आवाज येत नाही. नवा रिले आणून बसवला, फ्यूज चांगले आहेत, तरी काही फरक नाही. आता काय पाहावे?
— एक वाचक, ता. आरमोरी, जि. गडचिरोली

उत्तर : काढणीच्या दिवसांत, धान्याजवळ, पंधरा दिवस उभी असलेली गाडी म्हटल्यावर पहिला संशय उंदरांवर जातो. बोनेट उघडून इंजिनाच्या कोपऱ्यांत लेंड्या, कुरतडलेला कापूस किंवा गवत दिसते का ते पाहा. ईसीयूकडून रिलेच्या कॉइलकडे येणारी वायर बारीक असते आणि ती कुरतडली गेली की बाहेरून काही दिसत नसले तरी पंप मुका होतो.

रिले काढून सॉकेटच्या चारही जागा एकेक करून तपासाव्यात. ३० वर बॅटरीएवढे व्होल्टेज हवे, काही गाड्यांत ते चावी ऑन केल्यावर येते. कॉइलच्या दोन जागांपैकी एकीवर चावी ऑन असताना १२ व्होल्ट हवेत. दुसरी जागा ईसीयू अर्थ करतो. ती तपासण्यासाठी मल्टिमीटरची लाल तार बॅटरीच्या पॉझिटिव्हला आणि काळी तार त्या जागेला लावून दुसऱ्याला चावी ऑन करायला सांगावे. दोन-तीन सेकंद १२ व्होल्टच्या आसपास आकडा येऊन तो खाली गेला, तर ईसीयू आणि ती वायर दोन्ही शाबूत आहेत. या जागेवर बल्बचा टेस्ट लॅम्प लावू नये. बल्ब जास्त प्रवाह ओढतो आणि त्याने ईसीयूचे नुकसान होऊ शकते.

चारपैकी पहिल्या तीन जागा ठीक निघाल्या, तर ८७ पासून मागे पंपापर्यंतची वायर आणि पंपाची अर्थ पाहावी. मागच्या सीटखाली, पंपाच्या वरच्या कनेक्टरमध्ये, पावसाळ्यानंतर हिरवट थर जमतो. तो कनेक्टर सोडवून, साफ करून पुन्हा बसवल्याने अनेक गाड्या सुरू होतात. काही गाड्यांत अपघाताच्या वेळी पंप तोडणारा इनर्शिया स्विच असतो. मोठ्या खड्ड्यात आदळूनही तो उडतो आणि त्यावरचे बटण दाबले की पूर्ववत होतो. तो तुमच्या गाडीत आहे की नाही आणि कोठे आहे, हे गाडीच्या पुस्तिकेत पाहावे. चावी ऑन केल्यावर मीटरमधला इंजिनाचा पिवळा दिवा मुळीच लागत नसेल, तर ईसीयूलाच वीज मिळत नाही. तेव्हा पंपाचा रिले बाजूला ठेवून मेन रिले आणि त्याचा फ्यूज आधी तपासावा. मेन रिले बंद असला की पंपाचा रिले कितीही नवा असला तरी उठत नाही.

कुरतडलेली वायर सापडली तर जोड दिल्यावर त्या भागावर नालीदार नळी चढवा आणि शेजारच्या वायरीही हाताने चाचपून पाहा, कारण उंदीर एका वायरवर थांबत नाही. अलीकडच्या काही गाड्यांत हा रिले फ्यूजबॉक्सच्या छापील पट्टीवरच डाखलेला असतो आणि तो उपटून बदलता येत नाही. तुमच्या गाडीत वेगळा रिले बसवता आला, त्यावरून ती अडचण तुम्हाला नाही.